काडेपेटीच्या गावाची पटकथा

मस्कतच्या वादी कबीर भागात मोठ्या शाळेच्या मागच्या गल्लीत एक चार मजली इमारत आहे. खाली टायरचं दुकान, वर कुटुंबं. तिथं कोणालाही ‘रशियन मॅडम कुठं राहतात’ असं विचारलं, तर तो तिसऱ्या मजल्याकडे बोट दाखवतो. दार उघडते ती मात्र सुती पंजाबी ड्रेस घातलेली, चष्मा डोक्यावर सरकवून तोच घरभर शोधणारी, अस्सल पुण्याची बाई. किशोरी परांजपे, वय त्रेसष्ट.

हे नाव तिला मॅग्डलिनमुळे पडलं. मॅग्डलिन समोरच्या फ्लॅटमधली, मूळची वसईची, समुद्रकाठच्या एका हॉटेलात हाउसकीपिंगची सुपरवायझर. थंडीच्या दिवसांत मस्कतला रशियन पाहुणे येतात आणि त्यांचं काही अडलं, की हॉटेलातून किशोरीला फोन येतो. एकदा एक म्हातारे गृहस्थ निघायच्या वेळी लॉबीच्या मधोमध सुटकेसवर बसले ते हलेचनात. बाहेर टॅक्सीवाला हॉर्न देतोय, मॅनेजरला वाटलं बिलावरून धरणं धरलंय. किशोरी फोनवर म्हणाली, “काही करू नका. प्रवासाला निघण्याआधी ते लोक मिनिटभर गप्प बसतात. आपणच उठतील.” ते उठले, सगळ्यांना हात जोडून गेले. मॅग्डलिनने ही हकिगत हॉटेलभर केली, आणि तेव्हापासून किशोरी रशियन मॅडम झाली.

तिचं दुसरं काम म्हणजे लोकांचे अर्ज लिहून देणं. रुस्ताकहून माल घेऊन येणारा तानाजी नावाचा एक ड्रायव्हर होता. अर्बाब, म्हणजे त्याचा मालक, पासपोर्ट देत नाही, घरी जाऊ देत नाही, म्हणून तो रडकुंडीला आला होता. माझ्यावर फार अन्याय झाला असं लिहा, असं तो परत परत म्हणत होता. किशोरीने अन्याय हा शब्द लिहिलाच नाही. तो कोणत्या तारखेला ऑफिसात गेला, अर्बाब कुठं बसला होता, त्याने पासपोर्ट कोणत्या कपाटात ठेवला, किल्ली कोणत्या खिशात टाकली, हे सगळं विचारून तिने एक पान लिहिलं आणि त्याचं अरबी भाषांतर करून घ्यायला सांगितलं. कामगार कार्यालयातल्या माणसाने ते वाचून तिथल्या तिथं फोन उचलला. पंधरा दिवसांत तानाजी साताऱ्याला घरी पोचला.

असं लिहायला ती कुठं शिकली, हे त्या इमारतीत कोणाला माहीत नव्हतं. तिच्या व्हिसावर ‘गृहिणी’ असं लिहिलेलं होतं आणि तिने कधी कोणाला जास्त काही सांगितलं नव्हतं.

किशोरीचं माहेरचं नाव गोगटे. वडील दयानंद गोगटे पोस्टात होते. पुण्यात रशियन शिकवणाऱ्या एका संस्थेत ती गंमत म्हणून जायला लागली, शिष्यवृत्तीच्या परीक्षेत वर आली, आणि १९८३ साली एकविसाव्या वर्षी मॉस्कोला गेली. तिथल्या चित्रपट संस्थेत पटकथालेखनाच्या वर्गात तिला जागा मिळाली. रशियन माणसाला हाक मारताना नावापुढं बापाचं नाव जोडतात, म्हणून पहिल्याच दिवशी तिची ‘किशोरी दयानंदोव्ना’ झाली. तिला ते परकं वाटलं नाही. आपल्याकडेही बापाचं नाव मधे असतंच.

तिथली पटकथा लिहायची पद्धत वेगळी. एकीकडे दृश्य, एकीकडे संवाद अशा चौकटी नाहीत. सरळ गोष्टीसारखी लिहायची, पण जे पडद्यावर दिसणार नाही किंवा ऐकू येणार नाही ते एक अक्षरही लिहायचं नाही. रायसा पेत्रोव्ना नावाच्या बाई शिकवायच्या. ‘तिला वाईट वाटलं’ असं किशोरीने लिहिलं, की बाई निळ्या पेन्सिलीने खोडायच्या आणि विचारायच्या, “वाईट वाटलं तेव्हा तिने हातातल्या कपाचं काय केलं?” पहिल्या वर्षी तिच्या वहीत शाईपेक्षा निळं जास्त होतं. तिसऱ्या वर्षी बाईंनी पेन्सिल खाली ठेवून एक अख्खं पान वाचलं.

शिकून झाल्यावर ती एका स्टुडिओच्या पटकथा विभागात लागली. तेव्हा देश बदलत होता. आधी प्रत्येक पटकथा आठ-दहा जणांच्या एका मंडळासमोर जायची आणि मंडळ म्हणायचं, हा दारुडा काढा, ही रांग काढा, ही म्हातारी एवढी का रडते. आता तेच मंडळ बसायचं, चहा प्यायचं आणि काही म्हणायचं नाही. वीस वर्षं ड्रॉवरमध्ये ठेवलेली बाडं लेखकांनी बाहेर काढली. पण गंमत अशी, की त्यांना आडून बोलायची इतकी सवय लागलेली, की सरळ बोलायची मुभा मिळाल्यावर हातच चालेना. किशोरीकडे ड्रॉवर नव्हता. तिची रशियन शिकून आलेली, साधी. समोर दिसतं ते ती लिहायची. अर्काडी बेलोव नावाच्या दिग्दर्शकाला तेच आवडलं.

दोघांनी मिळून एक चित्रपट करायचं ठरवलं, ‘काडेपेटीचं गाव’. व्होल्गा नदीकाठचं एक गाव, तिथला काडेपेट्यांचा कारखाना बंद पडतो, टेलिफोन एक्स्चेंजमधली एक बाई आपल्या मुलाला पोटासाठी मॉस्कोला पाठवते, एवढीच गोष्ट. किशोरी त्या गावात तीन महिने राहिली. टेलिफोनच्या बायकांमध्ये बसली, लोणच्याच्या बरण्या भरल्या, आणि १९९० च्या हिवाळ्यात तिने पटकथा लिहिली. चित्रीकरण पुढच्या वर्षी झालं. ऑगस्टमध्ये मॉस्कोत रणगाडे उतरल्याची बातमी आली, तेव्हा सगळे जण मुक्कामी रेडिओभोवती बसले होते. बेलोव एवढंच म्हणाला, की उद्या सातला निघायचं. चित्रपट सुरू झाला तेव्हा स्टुडिओच्या लेटरहेडवर एका देशाचं नाव होतं. संकलन चालू असताना तो देशच राहिला नाही.

फेब्रुवारीत दयानंदरावांना अर्धांगाचा झटका आला आणि किशोरी पुण्याला परतली. तिने बेलोवला पाच पत्रं पाठवली, एकाचंही उत्तर आलं नाही. स्टुडिओचा फोन लागेना. चित्रपट अर्धवट राहिला असेल असं तिने धरलं. पुढच्या वर्षी आशुतोष परांजपेशी लग्न झालं. तो इलेक्ट्रिकल इंजिनिअर, नोकरी मस्कतला. पटकथेची टंकलिखित प्रत आणि वह्या तिने एका ट्रंकेत घालून बरोबर आणल्या होत्या. २००७ साली गोनू वादळ आलं तेव्हा परांजपे मस्कतमध्येच वादी अदाईत तळमजल्यावर राहायचे. पाणी खिडकीपर्यंत चढलं. चौथ्या दिवशी ट्रंक उघडली तर आत लगदा होता. आशुतोष म्हणाला, वाळवून बघू. ती म्हणाली, खलास, टाकून दे.

आणि गेल्या उन्हाळ्यात एक ईमेल आली.

लिहिणारी वार्वारा नावाची तरुण मुलगी, मॉस्कोच्या एका चित्रपट संग्रहालयात कामाला. ‘काडेपेटीचं गाव’ पूर्ण झाला होता. १९९२ मध्ये एकाच थिएटरात आठवडाभर चालला होता आणि मग त्या थिएटरात फर्निचरचं दुकान झालं. आता एका गोदामात त्याची प्रत सापडली होती, ती दुरुस्त करून ऑक्टोबरमध्ये दाखवायची होती. जुन्या श्रेयनामावलीत पटकथा म्हणून फक्त बेलोवचं नाव होतं. पण मंडळाच्या बैठकीच्या एका हजेरीपत्रकावर वार्वाराला ‘कि. द. गोगटे’ असं नाव दिसलं, पुढं काम काय ते लिहिलेलं नव्हतं. गोगटे हे आडनाव शोधत ती संस्थेतल्या एका जुन्या वर्गमित्रापर्यंत आणि तिथून परांजप्यांपर्यंत पोचली. बेलोव वारला होता. सगळे हक्क त्याच्या मुलाकडे, ग्लेबकडे. ग्लेबचं म्हणणं होतं, की ती भारतीय मुलगी शिकाऊ होती, वडिलांच्या पटकथेच्या प्रती टाइप करायची. तुमच्याकडे काही कागद आहेत का, असं वार्वाराने विचारलं होतं. नावं पक्की व्हायला तीन आठवडे होते.

किशोरीने मेल चार वेळा वाचली. तिला पुरस्कार नको होता, मॉस्कोला जायचं नव्हतं. आपण लिहिलं ते आपण लिहिलं, एवढं त्या पडद्यावर असावं, बस. पण कागद नव्हते. आणि तेहतीस वर्षं एखादी गोष्ट कोणाला सांगितली नाही, की ती आपल्यालाच खोटी वाटायला लागते. आपण खरंच लिहिलं होतं, की बेलोव सांगायचा आणि आपण उतरवून घ्यायचो, असा प्रश्न तिला भाजी चिरताना पडायला लागला.

मुलगी अस्मिता, तिथंच एका बँकेत नोकरीला, संतापली. “आई, तू फाइट कर. तू आम्हाला पण कधी प्रॉपर सांगितलं नाहीस.”

“काय सांगणार? दाखवायला काही नव्हतं,” किशोरी म्हणाली.

वार्वाराने चित्रपट पाठवला. शुक्रवारी दुपारी जेवणं झाल्यावर तो टीव्हीवर लावला. मॅग्डलिनची सुट्टी होती, ती खुर्ची ओढून बसली. खाली इंग्रजी ओळी नव्हत्या, त्यामुळे किशोरी सांगत होती आणि बाकीचे बघत होते. पहिली दहा मिनिटं तिचा आवाज नीट होता. मग टेलिफोनच्या बायका एकमेकींची टिंगल करायला लागल्या, आणि पात्राने तोंड उघडायच्या आधीच किशोरी वाक्य म्हणायला लागली. आशुतोषने तिच्याकडे पाहिलं. ती थांबली नाही.

चाळिसाव्या मिनिटाला मुलगा घर सोडतो. दारात उभा, हातात बॅग. आई स्वयंपाकघरातून वाटी घेऊन येते, त्याच्या तळहातावर चमचाभर काहीतरी पांढरं घालते. तो चाटतो, हात पँटला पुसतो आणि जातो. ती वाटी घेऊन उभी राहते. त्या दृश्यात एकही शब्द नाही.

“थांबवा, थांबवा,” मॅग्डलिन म्हणाली. “ही काय देते त्याच्या हातावर?”

“दही. मुलगा बाहेरगावी निघालाय ना.”

“निघालाय ते कळलं मला. पण रशियन बाई कशाला दही घालेल हातावर? आमच्या वसईला आम्ही कॅथलिकसुद्धा नाही घालत. आमच्या शेजारच्या पाठकबाई घालायच्या, त्यांच्या सुधीरच्या परीक्षेला.”

आशुतोषच्या हातात रिमोट तसाच राहिला. किशोरी पडद्यावरच्या त्या गोठलेल्या चमच्याकडे बघत होती. हे तिच्या कधी लक्षातच आलं नव्हतं. माणूस घरातून निघताना बूट घालतो हे जसं लिहावं, तसं तिने ते लिहिलं होतं. तिकडे घराघरांत दूध आपोआप विरजून दही होतं, ते ती रोज बघत होती. मुलगा लांब निघाला की आई हातावर दही घालते, याला विचारायचं काय असतं? मंडळातल्या लोकांना वाटलं ही व्होल्गाकाठची रीत असणार, ही पोरगी तिथं राहून आलीये. बेलोवला वाटलं तिला माहीत असणार. आणि तिला वाटलं सगळ्या जगाला माहीत आहे.

“किशोरीताई,” मॅग्डलिन हात झटकून म्हणाली, “तुला कागद कशाला पाहिजेत? सही तर तू चमच्याने करून ठेवलीस.”

व्हिडिओ कॉल पुढच्या बुधवारी होता. अस्मिताने बँकेतून अर्धा दिवस रजा घेतली आणि लॅपटॉप मांडून आईच्या शेजारी बसली. रशियन तिला येत नव्हती, ती आईचा चेहरा वाचत होती. पडद्यावर एका चौकोनात वार्वारा, दुसऱ्यात ग्लेब, पन्नाशी ओलांडलेला, पांढरी दाढी. तो ‘मॅडम गोगटे’ म्हणत होता, अगदी थंडपणे.

किशोरीने दह्याचं सांगितलं. वार्वारा हसत सुटली. म्हणाली, या दृश्यावर जुन्या मासिकांत दोन लेख आलेत. एकाने लिहिलंय की हा ख्रिस्ती धर्माच्या आधीचा शेतकरी विधी आहे. दुसऱ्याने लिहिलंय की नासलेलं दूध म्हणजे नासलेली राजवट.

ग्लेब हसला नाही. वडिलांनी एका मुलाखतीत सांगितलं होतं, की ही रीत त्यांच्या आजीची. मुलाखत छापलेली आहे. मॅडमकडे छापलेलं काय आहे?

किशोरीचा चेहरा उतरला. अस्मिताने टेबलाखाली तिचा हात धरला. मग किशोरी बोलायला लागली, आणि बोलताना तिने एकदाही ‘मला वाटतं’ म्हटलं नाही.

“त्या मुलाचं काम तुम्ही केलं होतं. तुम्ही सतरा वर्षांचे होतात. पहिल्या वेळी बॅग तुमच्या उजव्या हातात होती, म्हणून तुम्ही डावा हात पुढं केलात. तुमच्या आईचं काम करणाऱ्या बाईंनी त्यावर दही घातलं. कॅमेरा चालू होता. मी दिव्यांच्या मागून आले, तुमच्या हातातली बॅग काढून डाव्या हातात दिली, आणि उजवा हात उघडून धरला. तुमच्या वडिलांनी विचारलं, हिला चौकटीत कोणी सोडलं? फिल्म वाया गेली. दुसऱ्या वेळी तुम्ही उजवा हात पुढं केलात. चित्रपटात तोच आहे, बघा.”

ग्लेब कॅमेऱ्याकडे बघत नव्हता. खाली कुठंतरी बघत होता.

“तुम्ही पुरुषाचा कोट घातला होता,” तो हळूच म्हणाला. “बाह्या दुमडलेल्या.”

“इलेक्ट्रिशियनचा. माझा ओला झाला होता.”

“उजवाच का?”

“डाव्या हातावर आम्ही खाण्याचं घेत नाही. मी मॉस्कोला निघाले तेव्हा माझ्या आईने उजव्यावर दिलं होतं.”

तो म्हणाला, “टाइप करणारी बाई चालू कॅमेऱ्यासमोर येत नाही, किशोरी दयानंदोव्ना.”

वार्वारा लिहायला लागली होती. ग्लेबने सुचवलं, की ‘संवाद साहाय्य’ असं नाव घालता येईल, वडिलांच्या नावाखाली, लहान अक्षरात. किशोरी आजवर कोणाशी मोठ्याने बोलली नव्हती, तेव्हाही बोलली नाही.

“साहाय्य नाही केलं. पटकथा लिहिली,” ती म्हणाली. “पण दोन प्रसंग तुमच्या वडिलांचे आहेत. ट्रामचा, आणि शेवटचा बर्फातला. ते त्यांनी शूटिंगच्या वेळी लिहिले. मला तसे सुचले नसते. म्हणून पटकथा दोघांची. दोन नावं, एकाच मापाची.”

ग्लेबने दाढीवरून हात फिरवला. “शेवटचा प्रसंग त्यांचा आहे हे मलाही माहीत नव्हतं,” तो म्हणाला, आणि वार्वाराला म्हणाला, तसं लिही.

अस्मिता विचारत होती, काय झालं, काय म्हणाला तो. किशोरीने लॅपटॉप बंद केला, चष्मा काढला, ओढणीने पुसला आणि परत लावला. मग म्हणाली, “झालं. चहा टाक.”

ऑक्टोबरमध्ये मॉस्कोत चित्रपट दाखवला आणि त्याच आठवड्यात वार्वाराने नवी प्रत पाठवली. त्या शुक्रवारी परांजप्यांच्या हॉलमध्ये बसायला जागा नव्हती. इमारतीतले अर्धे लोक आले होते. टायरच्या दुकानातला ओमप्रकाश स्टूल घेऊन वर आला होता. मॅग्डलिनने सगळ्यांना आधीच बजावलं होतं, की दह्याच्या वेळी कोणी बोलायचं नाही. चित्रपट सुरू झाला, संगीत वाजलं, काळ्या पडद्यावर पांढरी रशियन अक्षरं एकामागून एक यायला लागली. एकाही माणसाला ती वाचता येत नव्हती.

दोन ओळींची एक पाटी आली तेव्हा किशोरीने आशुतोषच्या गुडघ्याला हात लावला. त्याने चित्रपट थांबवला.

“यातलं तुझं कुठलं?” मॅग्डलिनने विचारलं.

किशोरी उठली. टीव्हीजवळ गेली आणि खालच्या ओळीवर पहिल्या अक्षरापासून शेवटच्या अक्षरापर्यंत बोट फिरवत गेली. “किशोरी. गोगटे.”

“खाली का लिहिलंय? त्याचं वर का?”

“त्यांच्या बाराखडीत ब आधी येतो, ग नंतर. म्हणून बेलोव वर.”

“आमच्याकडे तर ग कितीतरी आधी येतो,” मॅग्डलिन पुटपुटली. तिचं समाधान झालं नव्हतं.

“परांजप्यांचं नाव रशियात पोचायचं राहिलंच,” आशुतोष म्हणाला. हातातला रिमोट त्याने उगाच शर्टाला पुसला.

अस्मिताने फोन काढला. तिला आईचा त्या पाटीसोबत फोटो हवा होता. एरवी फोटो म्हटलं की किशोरी स्वयंपाकघरात जायची. त्या दिवशी ती टीव्हीच्या बाजूला सरळ उभी राहिली, नाव झाकलं जात नाही ना हे वळून एकदा पाहिलं आणि थोडी डावीकडे सरकली. फोटो झाला. तरी ती लगेच बसली नाही. मग आशुतोषला म्हणाली, “आता पुढं लाव. पहिलं वाक्य टेलिफोनवाल्या बाईंचं आहे, ते चुकवू नका कोणी. ते मी सोळा वेळा लिहिलं होतं.”